ओवी आणि घड्याळ

गेल्या उपवासकाळात दादरमधील एका घरी, सायंकाळच्या जपमाळेनंतर, फादर स्टीफन्स यांच्या ‘ख्रिस्तपुराणा’तील प्रभूच्या दुःखसहनाचा भाग चालीवर म्हणण्यात आला. तरुण मंडळींनी अर्ध्या तासाची मुदत आधीच घातली होती. ग्रंथ मिटला तेव्हा दीड तास उलटला होता, आणि कोणाचेही लक्ष मनगटाकडे गेले नव्हते. घरच्या आजी म्हणाल्या, “फादर, पुराणानं काळ बांधून ठेवला.” हा उद्गार केवळ भाबडा समजावा, की ग्रंथाच्या रसग्रहणाची किल्ली त्यात आहे, याचा विचार आम्ही येथे करू इच्छितो.

प्रथम एक खुलासा. पवित्र शब्दांच्या उच्चाराने काळ आखडतो, ही समजूत आपल्याला परकी नाही. एके काळी प्रार्थनापुस्तकांत प्रार्थनेखाली ‘इतक्या दिवसांची दंडमाफी’ असे छापीत, आणि तेवढे दिवस शुद्धिस्थानातून वजा होतात असा हिशेब कित्येक भाविक मांडीत. वास्तविक ते प्राचीन ख्रिस्तसभेतील प्रायश्चित्ताच्या मुदतीचे माप होते. पोप सहावे पॉल यांनी १९६७ साली ही दिवसमोजणीच बंद केली. काळ देवाच्या हाती आहे. कोणतेही गायन त्यावर सत्ता चालवीत नाही. मग आजींना जाणवले ते काय?

त्याचे उत्तर ग्रंथाच्या बांधणीत सापडते. फादर थॉमस स्टीफन्स हे इंग्रज येशूसंघीय १५७९ साली गोव्यात आले. त्यांचे पुराण १६१६ साली रायतूर येथे रोमन लिपीत छापले गेले. सुमारे अकरा हजार ओव्यांच्या या ग्रंथात कथेला तोंड फुटते ते सासष्टीत. ख्रिस्ती शिकवण चालू असता नवख्रिस्ती श्रोत्यांपैकी एक ब्राह्मण पाद्री गुरूंना विनवितो की, पूर्वीची पुराणे सुटली, आता वाचावयास काही द्या. पुढेही मधूनमधून शंका येतात, गुरू उत्तरे देतात. आदामाच्या काळातून आपण एकाएकी सासष्टीत येतो आणि पुन्हा मागे जातो. ऐकणारा दूर उभा राहत नाही. तोही त्या मेळाव्यात जाऊन बसतो.

येथे कवीपुढे मोठा पेच होता. पुराण म्हटले की युगे फिरून येणार. बायबलमधील काळ मात्र उत्पत्तीपासून एकदाच पुढे सरतो, आणि क्रूसही एकदाच उभा राहतो. हा पेच ओवीने सोडविला, असे आमचे मत आहे. तिचे तीन चरण यमकाने एकमेकांना पुढे ओढतात. चौथा आखूड चरण यमकावाचून थांबतो. कथा पुढे जाते, मन क्षणभर टेकते. घटना एकदाच घडली, परंतु तिचे गायन दर उपवासकाळी फिरून येते, आणि मिस्साबलिदानात आपण ज्या ‘आज’ची श्रद्धा बाळगतो त्याची चव लागते.

ग्रंथ सर्वत्र सारखा उतरला आहे असे मात्र नाही. जेथे गुरू शिक्षकाच्या आसनावर फार वेळ बसतात, तेथे ओवी केवळ हिशेब मांडते आणि ऐकणाऱ्याला वेळ जाणवू लागतो. दुःखसहनाच्या भागात ती मोकळी होते.

पहिल्या तीन आवृत्त्यांची एकही प्रत आज उपलब्ध नाही. १९०७ साली मंगळूरला सालढाणा यांनी आणि १९५६ साली पुण्यात बंडेलू यांनी देवनागरीत केलेल्या आवृत्तीमुळे ग्रंथ टिकला. परंतु तो टिकला तो कपाटात. आपण २७ फेब्रुवारीला त्यातील मराठीची स्तुती प्रशस्तिपत्रासारखी मिरवितो आणि उरलेले पुराण मिटून ठेवतो. जे गाण्यासाठी रचले गेले, ते मौनात वाचल्यास आजींचा तो अनुभव येणार कोठून?

दादरच्या पोर्तुगीज चर्चचा आरंभ १५९६ सालचा. त्या वेळी फादर स्टीफन्स गोव्यात हयात होते. त्याच चर्चच्या छायेत आज आम्हां धर्मगुरूंना प्रवचन लांबले की बाकांवरची चुळबुळ दिसते. दोष केवळ बाकांवर बसणाऱ्यांचा नव्हे. आम्हीही मिस्सा घड्याळाकडे पाहून उरकतो. येत्या उपवासकाळात प्रत्येक घराने दुःखसहनाच्या थोड्या ओव्या मोठ्याने म्हणून पाहाव्यात. काळ थांबणार नाही. आपण थांबू, एवढे पुरे आहे.