कल्पित जग की कल्पित अज्ञान?

‘ज्ञानेश्वरी’ महाराष्ट्राच्या घराघरात पोचली. ‘अमृतानुभव’ मात्र पंडितांच्या फडताळात राहिला. ग्रंथकर्त्याने त्याला ‘अनुभवामृत’ म्हटले आहे. शके १२१२, म्हणजे इ. स. १२९० मध्ये अहिल्यानगर जिल्ह्यातील नेवाशास, प्रवरेच्या काठी, ज्ञानेश्वरी पुरी झाली, आणि त्यानंतर निवृत्तिनाथांच्या आज्ञेवरून हा दुसरा ग्रंथ तेथेच अवतरला, असे परंपरा सांगते. दहा प्रकरणे आणि आठशेच्या आसपास ओव्या, एवढाच त्याचा पसारा. पण त्याने विचारलेला प्रश्न लहान नाही. हे जग खरे की कोणाच्या तरी कल्पनेचा खेळ?

मायावाद्यांचे उत्तर सर्वांच्या परिचयाचे आहे. अंधारात दोरीवर साप भासावा तसे ब्रह्मावर जग भासते. अज्ञान गेले की भासही जातो. ज्ञानदेव सातव्या प्रकरणात या अज्ञानालाच साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभे करतात. हे प्रकरण ग्रंथात सर्वांत मोठे, जवळजवळ तीनशे ओव्यांचे आहे. तू राहतोस कोठे? आत्म्यात म्हणावे, तर तो केवळ प्रकाश. तेथे अंधाराला जागा कशी मिळणार? आत्म्याबाहेर म्हणावे, तर आत्म्याबाहेर काही नाहीच. ज्ञानदेवांनी येथे मिठाच्या मासोळीचा दृष्टान्त योजला आहे. ती पाण्यात विरघळणार आणि पाण्याबाहेर जगणार नाही. म्हणजे कल्पित असलेच, तर ते जग नव्हे, अज्ञान! मग जग काय? तर चैतन्याने स्वतःलाच पाहावे म्हणून स्वतःच घेतलेले रूप.

या विचाराला अभ्यासकांनी ‘चिद्विलासवाद’ म्हटले, कोणी ‘स्फूर्तिवाद’ म्हटले, आणि पाहता पाहता एक नवे दर्शन उभे राहिले. पांडुरंगशर्मांनी ज्ञानदेवांना मायावादापासून वेगळे काढले, डॉ. शं. दा. पेंडसे यांनी ‘ज्ञानेश्वरांचे तत्त्वज्ञान’ (१९४१) या ग्रंथात त्यांना शंकराचार्यांच्या पंक्तीस बसवले. दोन्ही पक्षांकडे पुरावा आहे. भाष्यकारांना वाट पुसत गीतेचा अर्थ सांगणारे ज्ञानदेव एकीकडे, तर शिवसूत्राचा आधार घेऊन ज्ञानालाही बंधन म्हणणारे ज्ञानदेव दुसरीकडे.

मला वाटते, या वादात दोघांकडूनही एक गोष्ट निसटते. सातव्यात अज्ञान खोडल्यावर ग्रंथकार थांबत नाहीत. आठव्यात ज्ञानही खोडतात. रोगच नव्हता, तर औषधाची बढाई कशाला? स्वतःच्या हातातील शस्त्रही असे खाली ठेवणाऱ्याच्या नावाने संप्रदायाची पाटी रंगवणे हा अभ्यासकांचा उद्योग आहे. दर्शन म्हणून जे रचले गेले, ते आपण रचले, त्यांनी नव्हे.

ग्रंथ निर्दोष आहे असे मात्र मी म्हणणार नाही. दृष्टान्तांवर दृष्टान्त येतात आणि सातव्या प्रकरणाच्या मध्यावर वाचक थकतो. शिवाय मायावादी म्हणू शकेल, ‘आम्ही अज्ञानाला वस्तू म्हटलेच कोठे? ते आहेही म्हणता येत नाही, नाहीही म्हणता येत नाही.’ या आक्षेपाला ज्ञानदेवांनी उत्तर दिले आहे; पण ते तर्काने जितके पटते त्याहून अधिक प्रतिमेने पटते. शास्त्र म्हणून ही उणीव, काव्य म्हणून हेच वैभव. विंदा करंदीकरांसारख्या बुद्धिवादी कवीलाही १९८१ मध्ये ‘अमृतानुभवाचे अर्वाचीनीकरण’ करावेसे वाटले, ते उगीच नव्हे.

आणि हा वाद केवळ पंडितांचा नाही. जग खोटे ठरले की पोराची भूक खोटी, आईचे जागरण खोटे, शेजाऱ्याचे दुःखही खोटे ठरते, आणि त्याकडे पाठ फिरवायला विद्वान निमित्त मिळते. अमृतानुभव हे निमित्त काढून घेतो. त्याचा आरंभच संसाराच्या चित्राने होतो. शिव आणि शक्ती, घरात दोघेच; स्वामी निजला की स्वामिनी जागी राहून दोघांचा संसार सांभाळते. नवव्या प्रकरणात देव, देऊळ आणि देवाचा परिवार एकाच डोंगरातून कोरलेला दिसतो. वेरूळ पाहिलेल्याला याहून अधिक भाष्य नको. दगड एकच, म्हणून देव खोटा होत नाही, की त्याच्यापुढे हात जोडून उभा असलेला भक्तही!

नेवाशाच्या मंदिरात ज्या खांबाला टेकून ज्ञानेश्वरी सांगितली गेली अशी श्रद्धा आहे, तो ‘पैस’ म्हणून ओळखला जातो. दुर्गाबाई भागवतांनी आपल्या १९७० च्या पुस्तकाला हेच नाव दिले. त्या खांबावरील लेखात दिव्याच्या तेलासाठी दिलेल्या दानाची नोंद आहे. केवढी समर्पक जागा! अंधार म्हणून काही नाहीच असे सांगणाऱ्यालाही कोणीतरी तेल घातलेला दिवा लागतोच. आणि तो दिवा, ते तेल, ते घालणारा हात, सारे ज्ञानदेवांच्या लेखी खरेच आहे.

ग्रंथाचा शेवटही दिवाळीच्या अंकात सांगावा असाच आहे. आपल्या अनुभवाचा हा सण सगळ्या विश्वाने भोगावा, असे मागणे करून ज्ञानदेव लेखणी ठेवतात. जग कल्पित मानणारा जगाला सणाचे आमंत्रण देत नाही.