स्क्रिप्टमधला दोष

मुलगी वयात येते, तिला न्हाण येतं. मुलाचा आवाज फुटतो, ओठांवर मिसरूड दिसू लागतं. इतके साधे, स्वच्छ शब्द मराठीत असताना शाळेत दाखवायच्या फिल्मचं स्क्रिप्ट लिहायला बसलं की आपल्याला ‘मासिक धर्म’, ‘गुप्तांग’ आणि ‘स्वप्नदोष’ हेच का सुचावं? तेरा वर्षांचा मुलगा अंधाऱ्या वर्गात बसून ऐकतो, की रात्री आपल्याला जे झालं तो दोष होता. निवेदक पुढे दहा वेळा ‘हे नैसर्गिक आहे’ म्हणाला तरी त्या शब्दानं निकाल आधीच दिलेला असतो.

या फिल्म्सची परंपरा जुनी आहे. १९४६ मध्ये डिस्नेनं ‘द स्टोरी ऑफ मेन्स्ट्रुएशन’ हा दहा मिनिटांचा ॲनिमेशनपट केला. पैसा सॅनिटरी नॅपकिनच्या कंपनीचा होता. पाळीत आंघोळ करा, व्यायाम करा, असं तो ठामपणे सांगतो. आपल्याकडच्या कितीतरी घरांत हे आजही सांगायची गरज आहे. पण त्यातला रक्तस्राव पांढरा दाखवला आहे! ती फिल्म पाहून घरी गेलेल्या मुलीनं स्वतःच्या कपड्यावर लाल डाग पाहिला, तेव्हा तिला काय वाटलं असेल? आपल्या जाहिरातींत वर्षानुवर्षं पॅडवर ओतलं गेलेलं निळं पाणी त्याच संकोचातून आलं.

मला १९७९ ची ‘ॲम आय नॉर्मल?’ ही अमेरिकन फिल्म जास्त मोलाची वाटते. तिच्यात जिमी नावाचा मुलगा आपल्या शंका घेऊन मोठ्या माणसांकडे जातो. गोष्ट मुलाच्या प्रश्नावर चालते, त्यामुळे पाहणाऱ्या मुलाला आपण एकटे नाही हे वेगळं सांगावं लागत नाही.

र. धों. कर्वे यांनी १९२७ मध्ये ‘समाजस्वास्थ्य’ हे लैंगिक विषयांवर मोकळेपणानं बोलणारं मासिक ज्या महाराष्ट्रात सुरू केलं, त्याच महाराष्ट्रात २००७ मध्ये शाळांतल्या लैंगिक शिक्षणाला बंदी झाली. २०१३ मध्ये रवी जाधव यांचा ‘बालक-पालक’ हा चित्रपट थिएटरात आला. त्यात चाळीतली मुलं कुतूहलापोटी नको त्या कॅसेटकडे वळतात, कारण घरात कुणी बोलत नाही. तो शैक्षणिक चित्रपट नव्हता, तरी मुलांच्या तोंडची भाषा त्याला सापडली होती.

आमच्या शाळेत सातवीच्या मुलींना हॉलमध्ये नेऊन दार लावलं आणि आम्हा मुलांना मैदानावर पिटाळलं. तासाभरानं मुली वर्तमानपत्रात गुंडाळलेली पुडकी दप्तरात कोंबत, खाली मान घालून बाहेर आल्या. काय दाखवलं ते कुणी सांगितलं नाही. मग आम्ही आपापल्या मनानं गोष्टी रचल्या आणि पुढची कित्येक वर्षं त्याच खऱ्या मानल्या.

म्हणून लिहिणाऱ्यांना माझी विनंती आहे. स्क्रिप्टला हात घालण्यापूर्वी सातवीच्या वर्गात एक डबा ठेवा, मुलामुलींना नाव न घालता चिठ्ठ्या टाकू द्या आणि त्या सगळ्या वाचा. फिल्म दोघांना एकाच हॉलमध्ये दाखवा. आणि ‘स्वप्नदोष’ हा शब्द आजच खोडा.