शिक्षा संपल्यानंतरचा अश्वत्थामा

अस्तंब्याच्या डोंगरावर बेतलेल्या कथा मी आता जरा धास्तीनेच उघडतो. मी वाचल्या त्यांचा साचा जवळपास एकच. शहरातला ट्रेकर वाट चुकतो, धुकं उतरतं, मनगटावरचं घड्याळ बंद पडतं, कपाळावर जखम असलेला उंच म्हातारा तेल मागतो. ट्रेकर खाली येतो तेव्हा एका रात्रीत वीस वर्षं उलटलेली असतात. वाचताना अंगावर काटा येतो, नाही असं नाही. पण हा डोंगर मला लहानपणापासून ऐकून माहीत आहे, आणि त्या घड्याळापाशी मी दरवेळी अडतो.

अस्तंबा हे नंदुरबार जिल्ह्याच्या धडगाव भागातलं, सातपुड्याचं १३२५ मीटर उंचीचं शिखर. धनत्रयोदशीच्या सुमारास तिथे अश्वत्थामा ऋषीची यात्रा भरते. महाराष्ट्र, गुजरात आणि मध्य प्रदेशातून लोक, बहुतेक आदिवासी, पायी चढतात. अश्वत्थामा अजून इथेच फिरतो, वाट चुकलेल्याला वाटेला लावतो, जखमेसाठी तेल मागतो, अशी श्रद्धा आहे.

महाभारताच्या सौप्तिकपर्वात मात्र तो अमर नाही. झोपलेल्यांची कत्तल करून, वर उत्तरेच्या गर्भावर अस्त्र सोडणाऱ्या या माणसाला कृष्ण मुदतीची शिक्षा देतो : तीन हजार वर्षं. या काळात त्याने एकट्याने, कुणाशी न बोलता, रक्तापुवाच्या दुर्गंधीसह निबिड रानात भटकायचं. मणी तो तिथे स्वतःच काढून देतो. तलवारीने मणी कापून घेणारा अर्जुन भागवतातला. परंपरेच्या हिशेबाने कलियुग इसवीसनपूर्व ३१०२ मध्ये लागलं आणि युद्ध त्याआधी ३६ वर्षं झालं. म्हणजे परंपरेचाच हिशेब धरला तर हा कैदी सुटून दोन हजारांहून जास्त वर्षं झाली. तरी आपण त्याला सोडलेलं नाही. सात चिरंजीवांच्या श्लोकात त्याचं नाव पहिलं घेतो आणि डोंगरावर त्याला तेल मागत ठेवतो.

ही मुदतवाढ ग्रंथाने दिलेली नाही, ऐकणाऱ्यांनी दिली. माझ्या मते गोष्टीतला सगळ्यात मोठा बदल हाच, आणि घड्याळवाल्या कथांना नेमका तोच दिसत नाही. अश्वत्थाम्याचा काळ थांबलेला नाही. थांबला असता तर बरं झालं असतं, जखम दुखली नसती. त्याचा काळ चालतोच आहे, फक्त काळाने माणसासाठी जे करायचं असतं, जखम भरायची, माणूस संपवायचा, ते तो करत नाही. म्हणून तेल. आज मिळालेलं चुळकाभर तेल उद्या पुरत नाही. चिरंजीवाला रोज लागणारी इतकी साधी वस्तू ज्याने गोष्टीत घातली, त्याला काळाची जाण आपल्या कथाकारांहून जास्त होती.

धर्मवीर भारतींच्या ‘अंधा युग’मध्येही (१९५४) अश्वत्थामा मध्यभागी आहे. पण ते नाटक युद्धाच्या अठराव्या दिवशी सुरू होऊन कृष्णाच्या मृत्यूपाशी थांबतं. तिथला अश्वत्थामा संतापाने पशू झालेला आहे. पुढची हजारो वर्षं हा नाटकाचा विषयच नाही. ती लोककथेच्या वाट्याला आली.

‘सातपुड्यात काळ थांबला आहे’ हे वाक्य मला निव्वळ आळशी वाटत नाही, ते खोटंही आहे. याच डोंगररांगेच्या उत्तरेला, नर्मदेच्या काठची धडगाव आणि अक्कलकुवा तालुक्यांतली ३३ गावं सरदार सरोवराच्या बुडितात आली. धरणाची उंची १३८.६८ मीटर. तिथल्या माणसांनी काळ मोजला तो पाणी कुठवर चढलं त्यावरून. देशातलं पहिलं आधार कार्ड २९ सप्टेंबर २०१० रोजी दिलं गेलं तेही याच जिल्ह्यात, शहादा तालुक्यातल्या टेंभलीत. एवढ्या तारखा असलेल्या मुलखाला ‘कालातीत’ म्हणताना लेखक स्वतःची सोय पाहत असतो. खाली उतरलं की त्या काळाशी त्याचा संबंध सुटतो.

आमच्या आजीची गोष्ट अशी नव्हती. संध्याकाळी दारात कुणी तेल मागितलं तर नाही म्हणू नये, तो असू शकतो, इतकंच ती सांगायची. एका दिवाळीत शेजारचा मुलगा यात्रेहून परतला. त्याचे पाय सुजले होते. मी विचारलं, दिसला का? तो म्हणाला, अंधारात पुढच्याची टाच दिसत होती फक्त. मग त्याने आजीकडे पायाला चोळायला तेल मागितलं. आजीने बाटली आणली, आणि देताना त्याच्या कपाळाकडे एकदा नीट पाहून घेतलं.