पडद्यावरचा ढाका

न्यायदर्शनात प्रत्यक्ष आणि शब्द ही दोन वेगळी प्रमाणं आहेत. स्वतः अनुभवलं ते प्रत्यक्ष, विश्वासू माणसानं सांगितलं ते शब्द. टीव्हीची बातमी कशात बसवायची? आपण छातीठोक म्हणतो, ‘मी स्वतः पाहिलं.’ माझ्या मते ते शब्दच आहे. कॅमेरा कुठं लावला, काय कापलं, खाली कोणती पट्टी फिरवली, हे कोणीतरी आपल्याला सांगणंच झालं. मग सांगणारा विश्वासाचा आहे का, हे विचारावं लागतं.

5 ऑगस्ट 2024 आठवा. शेख हसीना देश सोडून हिंडनला उतरल्या आणि आपल्या वाहिन्यांवर गणभवन सुरू झालं. कोणी मासा नेतोय, कोणी साडी, कोणी पलंगावर लोळतोय. दृश्यं खरी होती. पण त्यामागचा जुलै कुठं होता? स्वातंत्र्यसैनिकांच्या वारसांचा 30 टक्के कोटा जूनमध्ये उच्च न्यायालयानं परत आणला, म्हणून मुलं रस्त्यावर आली. 16 जुलैला रंगपूरमध्ये अबू सईद हात पसरून पोलिसांसमोर उभा राहिला आणि मारला गेला. मग इंटरनेट बंद. जुलै ते मध्य ऑगस्ट 1,400 पर्यंत माणसं मारली गेली असावीत, असा संयुक्त राष्ट्रांच्या मानवाधिकार कार्यालयाचा अंदाज आहे. हे वगळून नुसता पलंग दाखवला, की उठाव म्हणजे लूट एवढंच प्रेक्षकाच्या डोक्यात राहतं. (अँकरच्या पाठीमागच्या ज्वाळा तर स्टुडिओतच पेटतात, ते सोडा.)

हिंदूंची घरं, देवळं यांवर हल्ले झाले. ते नाकारायचं कारण नाही. पण जळतं घर क्रिकेटपटू लिटन दासचं म्हणून मोबाईलवर फिरलं, ते निघालं मश्रफी मुर्तझाचं. अशा खोट्या चित्रानं नुकसान कोणाचं? खऱ्या पीडिताचंच. एक चित्र खोटं निघालं, की बाकीची खरी नाकारायला तिकडचे मोकळे.

आणि हे आपल्यापासून लांबचं नाही बरं का. अर्जुनी मोरगाव तालुक्यात अरुणनगर, गौरनगर अशा बंगाली वसाहती आहेत, पूर्व पाकिस्तानातून आलेल्या कुटुंबांच्या. ज्याचं कोणी अजून तिकडं आहे, त्याला भारताचं काय होणार यावरची आठ खिडक्यांची भांडणं नको असतात. त्याला हवं असतं, कोणता जिल्हा, कोणतं गाव, आज रात्री काय स्थिती. ठिकाण, तारीख आणि चित्रीकरण कोणाचं, एवढी पट्टी चालवायला खर्च तरी किती येतो? सोन्याच्या भावाची चालतेच ना.