अहमद बुआनानी: उरलेली चोवीस मिनिटं

मोरोक्कोच्या सिनेमाचा आढावा घेताना मध्यभागी ठेवावा लागतो तो पूर्ण लांबीचा एकच चित्रपट केलेला माणूस. अहमद बुआनानी (1938–2011) कवी होता, कादंबरीकार होता, चित्रकार होता. पण माझ्या मते सर्वांआधी तो संकलक होता. त्याची कविताही संकलकाचीच आहे. प्रतिमेला प्रतिमा भिडते, मधला दुवा वाचकानं जोडायचा.

कासाब्लांकात जन्म, किशोरवयात पोलीस असलेल्या वडिलांची हत्या, मग पॅरिसच्या इदेक संस्थेत संकलनाचं शिक्षण. परतल्यावर रबातच्या राष्ट्रीय चित्रपट केंद्रात नोकरी. हे केंद्र मुळात फ्रेंच राजवटीनं 1944 साली उभारलेलं. तिथल्या कपाटांत मोरोक्कोची जी चित्रणं होती, त्यांतली बरीचशी राज्यकर्त्यांच्या कॅमेऱ्यानं टिपलेली. स्वतंत्र झालेल्या देशाकडे स्वतःचा भूतकाळ होता तो असा, दुसऱ्याच्या नजरेतून पाहिलेला.

‘मेम्वार 14’ (1971) या लघुपटात बुआनानीनं हीच रिळं हाती घेतली. फौजा, मिरवणुका, कवायती यांची दृश्यं त्यानं मूळ क्रमातून सोडवली आणि आपल्याच कवितेच्या आधारानं नव्यानं जुळवली. विजयाची बढाई म्हणून टिपलेलं दृश्य त्याच्या मांडणीत पराभूतांची आठवण होतं. निवेदक समजावून सांगत नाही, जोडणीच बोलते. मूळ चित्रपट शंभर मिनिटांहून मोठा होता. सेन्सॉरच्या कात्रीतून उरली 24 मिनिटं. तेवढ्यातही तो अस्वस्थ करतो, हे खरं. पण त्या समाधानावर नुकसान झाकू नये.

कम्युनिस्ट असल्याच्या संशयावरून त्याला दिग्दर्शनापासून दूर ठेवण्यात आलं. तो इतरांचे चित्रपट जुळवत राहिला. हमीद बनानीचा ‘वश्मा’ (1970) आज मोरोक्कोतल्या नव्या सिनेमाचा आरंभ मानतात. त्याचं संकलन बुआनानीचं. मला तर या पिढीची खरी शाळा त्याच्या संकलनाच्या टेबलाशी भरली असं वाटतं.

‘सराब’ म्हणजे मृगजळ, हा त्याचा एकमेव पूर्ण लांबीचा चित्रपट 1979 सालचा. काळ 1947. एका गरीब शेतकऱ्याला पिठाच्या पोत्यात नोटांची पुडकी सापडतात आणि तो बायकोला घेऊन शहर गाठतो. पैसा हाती आहे, पण तो वापरायचा कसा, कुणाला विचारायचं, हेच उमगत नाही. कथा सैल होत जाते, प्रसंग लोककथेसारखे सुटे येतात. काहींना तो विस्कळीत वाटेल. मला ती भटकंतीच चित्रपटाचा कणा वाटते.

पुढं ‘लोपिताल’ (1990) ही रुग्णालयावरची कादंबरी आली. तिच्यामागे क्षयाच्या उपचारांचा स्वतःचा अनुभव होता. 2006 मध्ये रबातच्या घराला आग लागली. जे वाचलं ते सावरण्याचं काम कन्या तूदा बुआनानी आणि काही मित्रांनी केलं. मोरोक्कन सिनेमाचा त्यानं लिहिलेला इतिहास छापला गेला 2020 साली, त्याच्या मृत्यूनंतर नऊ वर्षांनी.

आज मोरोक्कोत सिनेमाला सरकारी अनुदान मिळतं, माराकेशला मोठा महोत्सव भरतो. पण ‘सराब’इतकं धाडस त्या भरभराटीत मला क्वचितच दिसतं. बुआनानीकडे वळायचं असेल तर आधी ‘मेम्वार 14’ पाहा, मग ‘सराब’. ‘लोपिताल’ इंग्रजी अनुवादात मिळते. ती त्यानंतर वाचा.