कायदा आणि मोकळीक : उस्ताद झाकीर हुसेन यांच्या ध्वनिमुद्रिका

2024 च्या डिसेंबरमधली गोष्ट. रविवारी, 15 तारखेच्या रात्री, उस्ताद झाकीर हुसेन गेल्याची बातमी आली. थोड्याच वेळात ती खोटी असल्याचे सांगण्यात आले आणि सोमवारी सकाळी कुटुंबीयांनीच ती खरी असल्याचे कळवले. आमच्या उर्दू शाळेच्या स्टाफरूममध्ये त्या सकाळी हाच विषय होता. एक ज्येष्ठ सहकारी म्हणाले, "वो 'वाह ताज'वाले गुजर गए." सर्वांनी 'इन्ना लिल्लाहि' म्हटले. मग कुरळ्या केसांची आठवण निघाली, चहाच्या जाहिरातीची निघाली, ग्रॅमीची निघाली. "आपल्या कौमचा माणूस कुठवर पोहोचला," असेही कुणी अभिमानाने म्हणाले. तासाची घंटा झाली आणि आम्ही उठलो.

वर्गाकडे जाताना माझ्या ध्यानात आले की, या सगळ्या बोलण्यात तबला कुठेच आला नव्हता. त्यांची अमुक एक ध्वनिमुद्रिका आवडते, असे एकालाही म्हणता आले नाही. मलाही नाही. नाव आपले म्हणून मिरवायचे आणि काम ऐकायचे नाही, ही आपली सवय त्या दिवशी मला बोचली.

माझी नोकरी जळगावात आणि घर धुळ्याला. शनिवारी एस.टी. धरायची, एरंडोल-पारोळा करीत धुळे गाठायचे आणि सोमवारी पहाटे परत फिरायचे. त्यानंतर या प्रवासात मी उस्तादांच्या ध्वनिमुद्रिका ऐकू लागलो. मी संगीताचा जाणकार नाही, बी.एड. झालेला साधा शिक्षक आहे. पण बसमध्ये डोळे मिटून ऐकण्याचा एक फायदा झाला. टीव्हीवर जे आपण पाहत आलो, ते केस, ते हसू, त्या बोटांची विजेसारखी चपळाई, हे सारे बाजूला राहिले. उरला फक्त आवाज. कलावंताची खरी परीक्षा ध्वनिमुद्रिकेत होते, कारण तिथे चेहरा मदतीला येत नाही. त्या ऐकण्यातून जे समजले ते वाचकांपुढे ठेवतो.

सुरुवात एका शब्दापासून करतो. मराठीत कायदा म्हणजे कोर्टकचेरीचा नियम. आम्हा उर्दू शिक्षकांसाठी कायदा म्हणजे मुलाचे पहिले पुस्तक. अलिफ, बे, पे. मूल घरातून कायदा बगलेत मारून मदरशात जाते, तिथूनच त्याची तालीम सुरू होते. तबल्यातही कायदा आहे आणि त्यात हे दोन्ही अर्थ एकत्र नांदतात. शागीर्द सुरुवातीला शिकतो तोही कायदा, आणि त्याचा नियम मोठा कडक. मूळ रचनेत जे बोल असतील तेवढेच वापरायचे, बाहेरचा एक बोलही आणायचा नाही. तेच बोल उलटसुलट फिरवून पलटे करायचे, खाली-भरीचा तोल राखायचा आणि शेवटी तिहाई घेऊन समेवर यायचे. मूठभर अक्षरांतून तासभराचा विस्तार करायचा. पेशकार हा शब्दही आपल्या ओळखीचा. पेश करणे, अदबीने पुढे ठेवणे. एकल तबलावादनाची सुरुवात बहुधा पेशकाराने होते.

हे इतक्या विस्ताराने सांगण्याचे कारण असे की, झाकीर हुसेन हे उत्तम वादक, पण रचनाकार कितपत, अशी शंका अनेकजण घेतात. नवी चाल बांधली तरच रचना, असे मानले तर ही शंका बरोबर वाटेल. पण कायद्याचा विस्तार करणे हीसुद्धा रचनाच आहे. आणि माझे म्हणणे असे की, झाकीर हुसेन यांनी जगभर जी नवी वाद्यरचना केली, तिचे मूळ या कायद्यातच आहे. त्यांनी परंपरा सोडून नवे केले नाही, तालमीत जे शिकले तेच ते दुसऱ्यांच्या घरी घेऊन गेले.

तालीमही साधी नव्हती. 9 मार्च 1951 रोजी मुंबईत त्यांचा जन्म झाला. वालिद उस्ताद अल्लारखा कुरेशी हे पंजाब घराण्याचे, मियाँ कादिर बख्श यांचे शागीर्द. पहाटे अंधारात वालिदांकडे बोलांची तालीम, नंतर मदरशात कुरआनपठण आणि त्यानंतर माहीमच्या मिशनरी शाळेत प्रार्थनागीते, असा बालपणीचा दिनक्रम त्यांनी मुलाखतींतून अनेकदा सांगितला आहे. एकाच सकाळी तीन तऱ्हेचे पठण! तिन्हींत पाठांतर, उच्चार आणि श्वास यांना महत्त्व. पुढे हा माणूस कोणत्याही देशाच्या वादकाशेजारी बसून बिचकला नाही, त्याचे बीज मला या सकाळीत दिसते.

1970 मध्ये ते अमेरिकेत गेले. विशीतल्या ध्वनिमुद्रणांपैकी मला सर्वांत प्रिय आहे ते 'वेणु'. 1974 मध्ये कॅलिफोर्नियात मुद्रित झालेला, पंडित हरिप्रसाद चौरसिया यांच्या बासरीवरचा अहिरभैरव. आलाप चालू असताना तबला गप्प असतो. पण त्यानंतर तो ज्या तऱ्हेने प्रवेश करतो, ती ऐकण्यासारखी आहे. पाहुण्याने चपला बाहेर काढून बैठकीत यावे, तसा तो येतो. बासरीला धक्का लागत नाही. तेवीस वर्षांच्या तरुणाच्या हाती एवढी तयारी असताना त्याला ती दाखवण्याची घाई नाही, हेच मला विशेष वाटते. साथसंगत ही दुय्यम गोष्ट आहे, असे मानणाऱ्यांनी हे ध्वनिमुद्रण अवश्य ऐकावे. साथ म्हणजे कान देणे. आणि ज्याला कान देता येतो त्यालाच जवाब देता येतो.

हाच जवाब पुढे 'शक्ती'मध्ये ऐकू येतो. इंग्लंडचा गिटारवादक जॉन मॅकलॉफ्लिन, व्हायोलिनवर एल. शंकर, घटमवर विक्कू विनायकराम आणि तबल्यावर झाकीर हुसेन. त्यांची पहिली ध्वनिमुद्रिका 1976 मध्ये आली. तिचे मुद्रण आदल्या वर्षी एका मैफलीत झाले होते. उत्तरेचा तबला आणि दक्षिणेचे घटम यांना एकत्र बसवणे सोपे नव्हते. दोघांचे हिशेब वेगळे, बोल वेगळे. पण अल्लारखांनी कर्नाटक तालपद्धतीचा अभ्यास केला होता आणि मुलाला तो वारशाने मिळाला होता. म्हणून या ध्वनिमुद्रिकेत दोन पद्धतींची नुसती शेजारशेजार मांडणी नाही, तिथे चक्क गप्पा चालल्या आहेत. 'जॉय' ही द्रुत रचना ऐकून लोक थक्क होतात. मला मात्र 'लोटस फीट' ही छोटी, शांत रचना अधिक आवडते. वेगापेक्षा संयम कठीण, हे त्यात कळते.

1987 च्या 'मेकिंग म्युझिक'मध्ये हरिप्रसाद, मॅकलॉफ्लिन आणि नॉर्वेचा सॅक्सोफोनवादक यान गार्बारेक यांच्यासह ते आहेत. आता ध्वनिमुद्रिकेवर मुख्य नाव झाकीर हुसेन यांचे आहे. एकेकाळी तबलजीचे नाव वेष्टनाच्या मागच्या बाजूला, बारीक अक्षरांत असे. ते पुढच्या बाजूला आले. या बदलाची पायाभरणी अल्लारखांच्या पिढीने केली आणि कळस पुढच्या पिढीने चढवला. पण पुढे आल्यावरही त्यांनी इतरांना मागे ढकलले नाही. या ध्वनिमुद्रिकेत कितीतरी वेळ तबला जवळजवळ कुजबुजतो आहे. आपल्या नावाच्या पुस्तकात पानेच्या पाने दुसऱ्यांना बोलू द्यावे, असा हा प्रकार!

आता थोडे न पटलेलेही सांगायला हवे, नाहीतर हे केवळ गुणगान होईल. 1991 च्या 'प्लॅनेट ड्रम'ला जागतिक संगीताच्या विभागातले पहिलेच ग्रॅमी मिळाले. मिकी हार्ट यांच्या पुढाकाराने आफ्रिका, लॅटिन अमेरिका आणि भारत येथील तालवादक त्यात एकत्र आले. 2007 च्या 'ग्लोबल ड्रम प्रोजेक्ट'लाही पुढे ग्रॅमी मिळाले. या दोन्ही ध्वनिमुद्रिकांचा हेतू मोठा आहे, वादकही थोर आहेत. पण तालवाद्यांचा थर इतका दाट होतो की, डाव्यावरची ती घसरणारी, माणसासारखी बोलणारी मींड हरवून जाते. जत्रेत आपल्या माणसाचा आवाज शोधावा, तसा मी तबला शोधत राहिलो. जिथे जवाब द्यायला एकच सोबती आहे तिथे झाकीर हुसेन मोठे वाटतात, जिथे सगळेच एकदम बोलतात तिथे ते अनेकांपैकी एक होतात. म्हणून पुरस्कारांची यादी ही त्यांच्या कामाची मोजपट्टी मानू नये.

चित्रपटसंगीतातही त्यांनी काम केले आणि त्यातले एक काम माझ्या जिव्हाळ्याचे आहे. अनिता देसाई यांच्या कादंबरीवरून इस्माईल मर्चंट यांनी 1993 मध्ये 'मुहाफिज' काढला. संगीत झाकीर हुसेन आणि सारंगीनवाज उस्ताद सुलतान खाँ यांचे. फैज यांची शायरी त्यात आहे. कथा अशी की, हिंदीचा एक गरीब प्राध्यापक, उर्दूवर जीव असलेला, नूर नावाच्या वृद्ध शायराची मुलाखत ध्वनिमुद्रित करायला जातो. उधारउसनवार करून टेपरेकॉर्डर मिळवतो आणि ते ध्वनिमुद्रण पार फसते. आवाज येतो तो गोंगाटाचाच. शशी कपूर यांचा नूर आणि ओम पुरी यांचा प्राध्यापक पाहताना मला भरून आले. या चित्रपटाला संगीत देणाराने ते अतिशय कमी शब्दांत दिले आहे. ढासळत्या हवेलीत आपण मोठ्याने बोलत नाही, तसे.

तो चित्रपट मला लागला, त्यालाही कारण आहे. धुळ्यात आमच्या मोहल्ल्यात उर्साच्या कव्वालीला ढोलक वाजवणारे एक बुजुर्ग होते. दिवसा सायकली दुरुस्त करायचे. लहानपणी आम्ही त्यांच्या थापेवर टाळ्या वाजवत असू. ते गेले तेव्हा माझ्याजवळ चांगला मोबाइल होता, ध्वनिमुद्रण करणे एका बोटाचे काम होते. मी ते केले नाही. आज त्यांची एक थापही कुणाजवळ नाही. झाकीर हुसेन यांचा जवळजवळ पन्नास वर्षांचा आवाज जगाजवळ जतन आहे, आणि तरीही आपण तो ऐकत नाही. एकाचे ठेवले नाही, दुसऱ्याचे ठेवलेले उघडले नाही. दोष दोन्हीकडे आपलाच.

शेवटच्या टप्प्यात ते पुन्हा पहिल्या धड्याकडे वळलेले दिसतात. 2009 च्या 'द मेलडी ऑफ रिदम'मध्ये बँजोवादक बेला फ्लेक आणि बासवादक एडगर मायर यांच्यासह त्यांनी पाश्चात्त्य वाद्यवृंदासाठी रचना केली. मग 2015 मध्ये मुंबईच्या एनसीपीएमध्ये, सिंफनी ऑर्केस्ट्रा ऑफ इंडियासह, तबला आणि वाद्यवृंदासाठीची त्यांची स्वतंत्र रचना सादर झाली. तिला त्यांनी नाव काय दिले? 'पेशकार'! वालिदांच्या पुढ्यात बसून शिकलेला शब्द त्यांनी व्हायोलिनांच्या रांगांसमोर पेश केला. 2023 मध्ये फ्लेक, मायर आणि बासरीवर राकेश चौरसिया यांच्यासह 'ॲज वी स्पीक' आली. त्यातल्या रचनेचे नाव 'पश्तो', हे सात मात्रांच्या एका तालाचेही नाव आहे. 4 फेब्रुवारी 2024 रोजी त्यांना एका रात्रीत तीन ग्रॅमी मिळाले: 'पश्तो'साठी, 'ॲज वी स्पीक'साठी आणि 'शक्ती'च्या 'धिस मोमेंट'साठी. 'ॲज वी स्पीक' ऐकताना मला वारंवार 'वेणु' आठवत राहिली. तिथे हरिप्रसाद होते, इथे त्यांचे पुतणे आहेत. मध्ये एकोणपन्नास वर्षे गेली, पण बासरी सुरू झाली की थांबून कान देण्याची रीत तीच राहिली.

मोसिकीविषयी आपल्या समाजात मतभेद आहेत. तो वाद उकरून काढण्याचा माझा हेतू नाही, ज्याने त्याने आपल्या श्रद्धेप्रमाणे वागावे. पण ज्यांना ऐकण्याची मुभा वाटते, त्यांनी तरी अभिमानाआधी ऐकावे, एवढेच मागणे आहे. ऐकल्याशिवाय केलेला अभिमान म्हणजे न उघडलेल्या किताबाला चुंबण्यासारखे आहे.

मागच्या वर्षी पहिलीच्या वर्गात एक मुलगी नवा कायदा घेऊन आली. मी वर्गाला सांगितले की, एक असे उस्ताद होते, त्यांच्या वाद्यातही कायदा असतो. मुलांना नवल वाटले. मोबाइलवर मी त्यांना पाच मिनिटांचा तुकडा ऐकवला, चित्र न दाखवता. सुरुवातीला दोघे-तिघे हसली, मग वर्ग शांत झाला. तुकडा संपल्यावर त्या मुलीने विचारले, "सर, यह क्या बोल रहा है?"

कोण वाजवतो आहे, हे तिने विचारले नाही. काय बोलतो आहे, हे विचारले. आम्ही स्टाफरूममध्ये जे विसरलो होतो ते तिला पाच मिनिटांत सुचले.