दर्शन झाले, आकलन राहिले

राजकारणाला घरोघरी चेहरा लाभला, तो दूरचित्रवाणीमुळे. ब्रिटिशांच्या कॉमन्स सभागृहात कॅमेऱ्याला प्रवेश मिळाला २१ नोव्हेंबर १९८९ रोजी; त्याच वर्षी २० डिसेंबरला आपल्या राष्ट्रपतींचे संसदेपुढील अभिभाषण दूरदर्शनवर दिसले. हे ऋण मान्यच केले पाहिजे. तथापि दर्शन म्हणजे आकलन नव्हे.

ह्या दोहोंतील अंतर मला उमगले, ते धुळ्याकडच्या एका ओसरीवर. २४ जुलै १९९१ ची रात्र. डॉ. मनमोहन सिंग यांनी सायंकाळी अर्थसंकल्प मांडला होता. कृष्णधवल पडद्यावर त्यांची ती संथ, निगर्वी मुद्रा पाहून ‘माणूस सज्जन दिसतो’ असा अभिप्राय सर्वांनी दिला. मग काय स्वस्त आणि काय महाग, याची उजळणी झाली. तेवढ्यात एक आजोबा म्हणाले, “हाई समदं ठीक शे भाऊ, पन आमना कापूसना भावनं काय?”

पडदा निरुत्तर होता. खतांच्या किमती ४० टक्क्यांनी वाढवण्याचा प्रस्ताव त्याच अर्थसंकल्पात होता. विरोध झाल्यावर ती वाढ ३० टक्क्यांवर आली. कापूस आणि केळी पिकवणाऱ्या खान्देशाला ह्यूगोच्या दाखल्यापेक्षा हा आकडा अधिक जवळचा. पण तो यादीतील एक ओळ होऊन सरकला. वाढ का झाली, हे कोणी उलगडले नाही.

सोन्याचेही तसेच. त्याच जुलैत परकीय चलनाच्या टंचाईपायी देशाने सुमारे ४७ टन सोने बँक ऑफ इंग्लंड आणि बँक ऑफ जपान यांच्याकडे तारण ठेवले. ही वार्ता प्रथम फोडली ती वृत्तपत्राने, सरकारी पडद्याने नव्हे. जळगावच्या सराफ बाजारात वाढलेल्या गृहिणीला गहाणाचा अर्थ कोणी शिकवायला नको. पाटल्या मोडण्याची पाळी घरावर का येते, हे ती जाणते. तिच्याच भाषेत देशाची अडचण सांगता आली असती. ती संधी दवडली गेली.

आज वाहिन्या उदंड आहेत, आणि अर्थसंकल्पाच्या दिवशी आरडाओरडाही उदंड. स्वस्त-महागाची यादी मात्र तीच! दोष कॅमेऱ्याचा नाही. तो दिल्लीकडे तोंड करून बसला, ओसरीकडे वळलाच नाही, हा आहे. चांगल्या वार्तांकनाची कसोटी मी एवढीच मानतो: बातम्या संपल्यावर त्या आजोबांना आपला प्रश्न पुन्हा विचारावा लागू नये.